साहेबांच्या मागे दोन पावलं

दुपारी जेवणानंतर टीव्ही नुसताच चालू होता, आवाज बंद करून. कुठल्याशा मालिकेत इन्स्पेक्टर एका बाईला दरडावत होता आणि त्याच्या मागे उभा असलेला एकजण वहीत लिहीत होता. पेन हलत होतं, ओळ काही पुढे सरकत नव्हती. मी तेवढंच बघत बसलो. खोड जुनी आहे. बोलणाऱ्याकडे माझं लक्षच राहत नाही. जो गप्प उभा आहे त्याचं काय चाललंय, ते हवं असतं.

याचं खापर मी 'ओल्ड फॉक्स' या जर्मन पोलीस-मालिकेवर फोडतो. १९८०च्या दशकात ज्यांच्या घरी दूरदर्शन होतं त्यांना वेगळं सांगायला नको. खून म्युनिकमधले, भाषा डब केलेली इंग्रजी, ओठ एकीकडे आणि आवाज दुसरीकडे. आमच्याकडे इंग्रजी कुणालाच धड कळत नव्हतं, तरी खुनी कोण यावर कडाक्याची भांडणं व्हायची. सगळे त्या तिरकस नजरेच्या म्हाताऱ्या पोलीस साहेबावर, कोस्टरवर, म्हणजे सीगफ्रीड लोवित्झ या नटावर, खूश. नानाकाका मात्र त्याच्या साहाय्यकाकडे, हायमानकडे बघायचे. काका एका कचेरीत हेडक्लार्क. हायमान दार उघडून बाजूला झाला की हमखास ओरडायचे, "अरे, ह्याला कधीतरी बढती द्या रे!"

दिली नाही. हे मला फार उशिरा कळलं. मालिका जर्मनीत १९७७ साली सुरू झाली. शंभराव्या भागात कोस्टर गोळी लागून मेला, खुर्ची रिकामी झाली. १९८६ साली तिच्यावर क्रेस नावाचे साहेब येऊन बसले. ते गेल्यावर हर्त्सोग, मग फॉस. प्रत्येक वेळी साहेब बाहेरून. हायमान आपला नव्या साहेबांना जुन्या पद्धती समजावतोय. मिशाएल आंडे हा नट हायमानचं हे काम २०१६ पर्यंत करत होता, एकोणचाळीस वर्षं! तोवर त्याची स्वतःची सत्तरी उलटली होती. खऱ्या पोलीस खात्यात केव्हाच नारळ देऊन घरी बसवला असता.

गंमत म्हणजे हा माणूस लहानपणी मोठा झालेला होता. १९५६च्या 'दी ट्राप-फामिली'मध्ये, म्हणजे त्याच कुटुंबावरच्या 'साउंड ऑफ म्युझिक'च्याही आधी, तो ट्रापांच्या पोरांपैकी एक होता. १९६६ साली जर्मन टीव्हीवर 'ट्रेझर आयलंड' चार भागांत आलं, त्यातला जिम हॉकिन्स हाच. चक्क नायक. विशी ओलांडली होती, तरी पोरगा शोभला. आणि मग तिशीत शिरल्यावर साहेबांच्या मागे दोन पावलं, ते कायमचं. त्याच मालिकेत १९८६ पासून दहाएक वर्षं दुसरा साहाय्यक झालेला चार्ल्स मुहम्मद हूबर पुढे, २०१३ साली, जर्मन संसदेत निवडून गेला. हायमान जागचा हलला नाही.

ते काम सोपं नाही, हे आता जाणवतं. साहेबाला सगळं ठाऊक असतं, पण त्यानं ते आपल्याला सांगावं म्हणून कुणीतरी बावळट प्रश्न विचारायला लागतो. तो विचारताना बावळट मात्र दिसायचं नाही. शिवाय साहेब बोलत असताना ऐकायचं, तेही पहिल्यांदाच ऐकतोय असं. आंडे खरंच ऐकायचा. आजच्या मालिकांमध्ये मागचे लोक आपल्या वाक्याची वाट बघत उभे असतात, ते लगेच कळतं.

काका अठ्ठावन्नाव्या वर्षी हेडक्लार्क म्हणूनच निवृत्त झाले. त्यांच्यावर अन्याय झाला, अशी घरात सगळ्यांची समजूत होती, माझीही. ते गेल्यावर एकदा काकूकडे विषय निघाला. म्हणाली, "अन्याय कसला? बढती दोनदा आली होती. दोन्ही वेळा लेखी नकार दिला."

"का?"

"साहेब झालं की शेवटची सही आपली असते. त्या सहीला भ्यायचे ते."