वेळापूर ते वाखरी
सोलापूरहून पंढरपूर म्हणजे एसटीने दीड-दोन तासांचा रस्ता. आत्या पंढरपूरची, त्यामुळे लहानपणापासून किती खेपा झाल्या असतील याची गणती नाही. पायी मात्र मी पहिल्यांदा निघाले ती गेल्या आषाढात, आत्याच्या दिंडीतून, माउलींच्या पालखीबरोबर. माळशिरसला सामील झाले. पिशवीत दोन साड्या, रेनकोट आणि एक वही.

वही माझ्या कादंबरीची. मुलांसाठी एक अद्भुत जग रचतेय, त्याला दोन वर्षं झाली. त्या जगात डोंगरांच्या बेचक्यात एक काळडोह आहे. नदी जशी वाहता वाहता डोहात थबकते, तसा तिथे काळ थबकतो. डोहात उतरलेल्याची एक घटका होते, तेवढ्यात बाहेर एक तप उलटतं. पाणी कोणत्या रंगाचं, अमावस्येला डोह किती खोल जातो, सगळं ठरवून झालं होतं. पण नायिका डोहातून वर आली की लेखणी अडायची. जग बदललेलं असायचं, ती त्याकडे बघत उभी राहायची, आणि पुढचं पान कोरं.

बीज होतं भागवतातल्या रेवतीच्या गोष्टीचं, लहानपणी कीर्तनात ऐकलेल्या. ककुद्मी राजा लेकीसाठी वर विचारायला ब्रह्मलोकी जातो. तिथे गाणं चाललेलं असतं, म्हणून क्षणभर थांबतो. गाणं संपल्यावर ब्रह्मदेव हसून सांगतात, तू मनात धरलेली स्थळं कधीच काळाच्या पोटात गेली, पृथ्वीवर 27 चतुर्युगं उलटली. पुढे रेवती बलरामाला दिली जाते. गोष्ट गोड संपते, तरी मला त्या राजाचं फार वाईट वाटायचं. का, ते तेव्हा सांगता आलं नसतं.

खुडूसच्या रिंगणाला माणसं किती आधीपासून कडं धरून उभी होती! ऊन चढलं, पाण्याच्या बाटल्या हातोहात फिरल्या, कुणी जागेवरून हललं नाही. मग पताकावाले धावले, डोक्यावर तुळस घेतलेल्या बाया धावल्या आणि शेवटी अश्व सुटले. पुढे स्वार बसलेला, मागे माउलींचा, पाठ मोकळी असलेला. आत्या म्हणाली, "बघितलंस का गं?" मी बघितली होती ती नुसती धूळ. माणसं वाकून टापांखालची माती कपाळाला लावत होती. आत्याने माझ्याही कपाळाला लावली. ती अजून कोमट होती.

वेळापूरच्या तळावर संध्याकाळी समाजआरती. एवढा समुदाय, टाळ-मृदंगांचा नुसता कल्लोळ, आणि चोपदारांनी चोप उंचावला. सगळं गप्प. कुठल्याशा तंबूच्या दोरीवर ओलं धोतर वाऱ्याने फडफडत होतं, तेवढंच ऐकू येत होतं. एका दिंडीचा टाळ मात्र वाजतच राहिला. मी दचकले. आत्याने कानात सांगितलं, त्यांची काही तक्रार असेल. चोपदार जाऊन ऐकून घेतील तोवर वाजवायचं, अशी रीत आहे. किती सुंदर रीत! अख्खा सोहळा एका दिंडीच्या गाऱ्हाण्यासाठी खोळंबतो. त्या रात्री वहीत मी एवढंच लिहिलं: डोहाला आवाज ऐकू यायला हवा.

आणि मग भंडीशेगावच्या अलीकडे ती आजी भेटली.

रस्त्याच्या कडेला, लिंबाखाली, तीन दगडांची चूल. परातीत ज्वारीच्या भाकरी कापडात गुंडाळलेल्या, डब्यात शेंगाची चटणी, शेजारी कांदे फोडून ठेवलेले. आजीचे हात कोपरापर्यंत पिठाने पांढरे. "या माउली, दोन घास खावा." मी टेकले. भाकरीवर चटणी घालून तिने वर तेलाची धार सोडली. खाता खाता विचारलं, "आजी, कधीपासनं बसलाय?"

"फाटंपासनं," ती म्हणाली. मग तवा उलथवता उलथवता, "तसं म्हणलं तर मागल्या वारीपासनंच की. फाल्गुनात ज्वारी निघाली का पयली पाटी माउलीची काढून ठिवती. कणगीत तळाला असती. घरात पीठ संपलं तरी त्या पाटीला कुणी हात लावीत न्हाई."

नाव विचारलं, तर म्हणाली, "माउलीच म्हणा." तेवढ्यात दिंडीतून हाक आली. तिने माझ्या पायांना हात लावला, माझ्या, मी कोण तिची! मीही वाकले. चार-पाच मिनिटं झाली असतील, जास्त नाही. वळून पाहिलं तेव्हा ती पुढच्याला भाकरी वाढत होती.

तिथून वाखरीपर्यंत मी फार बोलले नाही. ककुद्मीचं वाईट का वाटायचं ते आता कळत होतं. तो परतला तेव्हा त्याची वाट बघणारं कुणीच नव्हतं. पंढरीची गोष्टही काळाचीच, पण तिच्यात कुणीतरी थांबलेलं आहे. पुंडलिक आईबापांचे पाय चेपत होता. दारात देव आला, याने वीट भिरकावली, जरा थांब म्हणाला. त्याच्यासाठी ते 'जरा' होतं. विठोबाची 28 युगं झाली. माझ्या डोहाचे सगळे नियम आत उतरणाऱ्यासाठी होते. काठावर कोण आहे, हे मी दोन वर्षांत एकदाही विचारलं नव्हतं.

वाखरीला ठिकठिकाणच्या संतांच्या पालख्या एकत्र येतात, आणि नामदेवांची पालखी पंढरपुरातून त्यांना आणायला येते. दशमीला माउलींची पालखी सगळ्यांत शेवटी पंढरीत शिरते. सहा-सात किलोमीटरांना दुपार टळून रात्र होते. रांगेत उभं राहणं आम्हाला झेपणारं नव्हतं. चंद्रभागेत स्नान केलं, नामदेव पायरीवर डोकं टेकलं, कळसाला हात जोडले. आत्याचे डोळे वाहत होते. तिचं माहेर सोलापूर, सासर इथलं, कळस तिला रोज दिसतो, तरीही.

घरी आल्यावर तो अध्याय पहिल्यापासून लिहायला घेतला. नायिका अजून पाण्यातच आहे. काठावर एक बाई तीन दगड मांडून चूल पेटवतेय, तिची मुलगी पीठ मळतेय, आणि त्या मुलीची मुलगी कणगीच्या तळाशी हात घालून बघतेय, पाटी आहे ना जागेवर.