चॉकलेटचा चहा घरी जमवला, दीड महिना लागला (माझा अनुभव)

दिवाळीला धाकटे दीर पुण्याहून आले तेव्हा त्यांच्या पिशवीत एक छोटा डबा होता, चॉकलेट टी म्हणून. मला वाटलं पोरांसाठी असेल, ठेवून दिला कपाटात. दिवाळी झाली आणि आमच्या आत्यांना (सासूबाईंना, आमच्यात आत्याच म्हणतात) ताप आला, आठ दिवस हटला नाही, ताप गेला पण तोंडाची चव काही परत येईना. भाकरी नको, भात नको, आणि सगळ्यात मोठं म्हणजे चहा नको. जी बाई आयुष्यभर पहाटे पाचला उठून घरातला पहिला चहा स्वतः टाकायची ती कप बाजूला सरकवतीय म्हटल्यावर माझ्या पोटात गोळाच आला. मग एका संध्याकाळी काहीतरी वेगळं म्हणून तो डबा उघडला आणि त्यातला चहा करून दिला. आत्यांनी बशीत ओतला, फुंकर मारली, एक घोट घेतला, थांबल्या, मग सगळा प्यायल्या आणि म्हणाल्या, "ह्याला शेंगा भाजल्यासारखा वास येतोय गं. अजून हाय का?"

बारा दिवसांत डबा संपला. दिरांना फोन करून किंमत विचारली आणि गप्प बसले, दोन वेळचा रोजचा चहा तेवढ्या पैशात परवडणारा नव्हता. म्हटलं घरात चहा पावडर आहे, पोरांच्या केकसाठी आणलेला कोको आहे, आपणच करू. ते दिसतं तेवढं सोपं नाही म्हणून सगळं सविस्तर लिहितेय, कुणाच्या घरी असंच कुणी आजारातून उठलेलं असेल तर त्यांचं दूध तरी वाया जायला नको.

पहिल्यांदा नेहमीचा चहा उकळला, दूध घातलं आणि वरून चमचाभर कोको टाकला. सगळा कोको वर तरंगत राहिला, ढवळला तर गाठी झाल्या. एक गाठ चमच्यावर घेऊन नखाने फोडली तर बाहेरून ओली चकचकीत आणि आत कोरडी पावडर, जशीच्या तशी! पिठल्याला डाळीचं पीठ एकदम टाकलं की होतं तेच. पण कोकोचं जरा जास्त अवघड असतं कारण त्यात थोडं तूप उरलेलं असतं, कोको बटर, त्यामुळे पाणी त्याला लवकर भिजवतच नाही. यावर उपाय म्हणजे कोको आधी कोरड्या साखरेत चांगला घोळवायचा, साखरेच्या दाण्यांनी कोकोचे कण सुटे होतात, मग त्यात दोन चमचे कडकडीत पाणी घालून वाटीतच पेस्ट करायची, आणि ती पेस्ट उकळत्या पाण्यात सोडायची, दुधात नाही. एवढं केलं की गाठीचा प्रश्न कायमचा मिटला.

दुसऱ्यांदा मी चॉकलेटची वडीच घातली, म्हटलं चॉकलेटचा चहा ना, मग चॉकलेटच घालू. केकचं सामान मिळतं त्या दुकानातून डार्क स्लॅब आणला होता. चहावर तेलाचे डोळे तरंगायला लागले, पातेल्याला कडेने मेणासारखा थर बसला आणि चहाची चव म्हणाल तर गायब. नंतर रॅपर नीट वाचलं तर ते कंपाउंड होतं, म्हणजे कोको बटरच्या जागी दुसरी वनस्पती चरबी. खरं चॉकलेट ३४ अंशाच्या आसपास वितळतं म्हणून तोंडात विरघळतं, पण ते घातलं तरी चरबी ती चरबीच, पातळ चहावर तरंगणारच. वडी दुधात घालून हॉट चॉकलेट छान होतं, पण त्यात चहा पावडरचं काही काम नाही. आत्यांनी एक घोट घेतला आणि काही न बोलता कप खाली ठेवला. मला फार वाईट वाटलं, कारण त्या नाराज झाल्यात हे मला कळू नये म्हणून त्या तोंड पुसत बसल्या होत्या.

तिसऱ्या वेळी फाटला. हे दोन-तीनदा झालं आणि कारण सापडायला वेळ लागला. आमच्याकडे आलं ठेचून टाकल्याशिवाय चहा होत नाही. घाईत मी कोकोचं पाणी, दूध सगळं एकत्र करून, कोमट असतानाच आलं टाकलं आणि गॅस बारीक केला, उकळी यायच्या आत कडेला दाणे दिसायला लागले. कच्च्या आल्यात एक एन्झाइम असतं, ते दुधातलं प्रोटीन तोडतं, दूध ६०-७० अंशावर असताना त्याचं काम सगळ्यात जोरात चालतं आणि उकळलं की ते मरतं. म्हणून आलं नेहमी आधी पाण्यात खळखळ उकळायचं. त्यात साधा कोको मुळात थोडा आंबट असतो, तोही फाटण्याला हातभार लावतो.

आंबट नसलेला कोको मिळतो हे मला तेव्हाच कळलं. व्हॅन हाउटेन म्हणून हॉलंडमधलं घराणं होतं, त्यांनी १८२८ साली कोकोतलं तूप दाबून काढायच्या यंत्राचं पेटंट घेतलं, आणि कोकोला क्षार लावून आंबटपणा मोडायची पद्धतही त्याच घराण्यातली, म्हणून त्याला डच कोको म्हणतात. तो रंगाला गडद आणि चवीला मऊ असतो. दुकानात "डच द्या" म्हटलं तर पोराने माझ्याकडे बघत राहावं असं झालं, म्हणून सांगते, पाकिटामागे घटकांत अल्कलाइज्ड असं किंवा आयएनएस ५०१ (त्या क्षाराचा नंबर) लिहिलेलं बघा, तोच. मला आमच्या सोलापुरात नवी पेठेत मिळाला.

पाण्याचंही सांगायला हवं, कारण सोलापूरकरांना हे लागणारच. नळाला रोज पाणी येत नाही, साठवलेलं संपलं की वरच्या कामाला आम्ही बोअरचं वापरतो, आणि एक-दोनदा चहालाही तेच घातलं. चहावर पातळ तपकिरी साय आली, दुधाची नाही, वेगळीच, चमच्याने ओढली तर तुटून तिचे तुकडे होणारी. जड पाण्यातले क्षार आणि चहातला तुरटपणा मिळून ती साय धरते आणि चव एकदम मातकट लागते. साध्या आल्याच्या चहात खपून जातं, कोकोत नाही खपत. तेव्हापासून ह्या चहाला प्यायचं फिल्टरचंच पाणी.

आता एवढं सगळं सुधारल्यावर चहा चांगला व्हायला लागला होता. पोरं आवडीने प्यायची, ह्यांनी दोन कप घेतले. आत्याही प्यायच्या, पण बशी खाली ठेवताना रोज तेच, "बरा हाय. पण त्यो नव्हं." काय कमी आहे ते त्यांनाही सांगता येईना आणि मलाही कळेना, चार दिवस डोक्यात तेच.

मग रिकामा डबा धुवायला काढला तेव्हा तळाशी चमचाभर चुरा राहिला होता तो पांढऱ्या ताटलीत ओतला. काळे गोल दाणे म्हणजे आपली सीटीसी चहा पावडर, आसामात १९३० च्या सुमाराला निघालेली, पानं दातेरी रोलरमधून चेपून, फाडून गोळी करतात ती. आणि त्यात तपकिरी, टोकदार, करपट शेंगदाण्याच्या तुकड्यांसारखे कण. पावडर कुठेच नाही. एक कण चावला, आधी कडू, मग नाकातून चॉकलेटचा वास वर गेला. आणि एकदम आत्यांचं पहिल्या दिवशीचं बोलणं आठवलं, शेंगा भाजल्यासारखा वास! त्यांनी मला पहिल्या घोटालाच सांगितलं होतं आणि मी महिनाभर पावडर ढवळत बसले होते.

ते कण म्हणजे कोको निब्ज. कोकोची बी आंबवून, वाळवून, भाजून, साल काढून फोडली की निब्ज होतात. कोको आपल्याकडेही पिकतो, केरळ, आंध्र, कर्नाटक, तमिळनाडूत, नारळ-सुपारीच्या बागांत सावलीला. शेजारच्या कर्नाटकात पुत्तूरला कॅम्पको या शेतकऱ्यांच्या सहकारी संस्थेचा चॉकलेटचा कारखाना १९८६ पासून आहे. निब्ज मात्र मला सोलापुरात दोन-तीन दुकानं फिरूनही मिळाले नाहीत, ऑनलाइन पाव किलो मागवले.

आले ते न भाजलेले होते, वास आंबूस. आत्या पलंगावरून उठल्या. ताप गेल्यापासून पहिल्यांदा त्या स्वयंपाकघरात येऊन पाटावर बसल्या आणि म्हणाल्या तवा मंद ठेव, शेंगा भाजतो तशा भाज, हलवत राहा, तडतड आवाज आला की उतरव. सात-आठ मिनिटांत घरभर असा वास सुटला की शेजारच्या अक्का दारात येऊन विचारायला लागल्या काय चाललंय. गार झाल्यावर मी खलबत्त्यात कुटायला घेतले आणि जरा जास्तच कुटले. निब्जमध्ये निम्म्याच्या वर तूप असतं, त्यामुळे शेंगा चटणी कुटताना तेल सुटून गोळा व्हायला लागतो तसंच झालं, बत्त्याला काळा लगदा चिकटला. आत्यांनी बत्ता हातातून घेतला. "चटणीला तेल पायजे, ह्याला नको. दोनच घाव घाल." खरंच, तांदळाच्या कणीएवढे तुकडे राहिले पाहिजेत, त्याहून बारीक केले की चहाला तेलकटपणा येतो आणि गाळणीही तुंबते.

आता आमचा डबा असा असतो: १०० ग्रॅम सीटीसी पावडर आणि ३० ग्रॅम भाजून भरडलेले निब्ज. डबा काढताना हलवून घ्यायचा, नाहीतर जड-हलकं वेगळं होतं. दोन कपांना एक कप पाणी, त्यात आवडत असेल तर आलं, पण किंचितच, जास्त आलं चॉकलेट खाऊन टाकतं. उकळी आली की डब्यातले दोन सपाट चमचे, झाकण ठेवून बारीक गॅसवर चार मिनिटं, निब्जला वेळ लागतो, घाई केली तर फक्त पावडर उतरते. मग अर्धा चमचा डच कोको साखरेत घोळवून, पेस्ट करून त्यात. दूध एक कप, वेगळं गरम केलेलं, शेवटी, एकच उकळी. गूळ घालायचा असेल तर गॅस बंद करून, नाहीतर परत फाटायची भीती. कोकोबरोबर गूळ साखरेपेक्षा छान लागतो असं माझं मत, आत्यांना पटत नाही. वेलदोडा घालू नका, बासुंदीचा भास होतो. आणि गाळलेला चोथा गल्लीतल्या कुत्र्यांना टाकू नका, कोको त्यांना बाधतो, आम्ही तो जास्वंदीच्या कुंडीत घालतो.

संक्रांतीला गड्ड्याची यात्रा, म्हणजे आमच्या सोलापूरच्या सिद्धेश्वराची जत्रा असते, तिच्यातल्या अक्षता सोहळ्याला आत्यांना न्यायचं की नाही यावर घरात बरीच चर्चा झाली, उन्हात उभं राहवेल का, गर्दी सोसेल का. त्या म्हणाल्या नंदीध्वज (मिरवणुकीतल्या मानाच्या उंच काठ्या) बघितल्याशिवाय माझी संक्रांत होत नाही. मग खुर्ची घेतली, थर्मास घेतला, आणि सावली बघून एका कडेला बसवलं. पांढरे बाराबंदी घातलेले मानकरी नंदीध्वज पेलत पुढे गेले, आत्यांनी हात जोडले, डोळे पुसले, मग थर्मासच्या झाकणात चहा ओतून घेतला. शेजारी अनोळखी बाई बसल्या होत्या, त्यांनी वास घेऊन विचारलं कसला चहा ओ हा? आत्यांनी त्यांनाही अर्धा ओतून दिला. "चॉकलेटचा. सुनेनं केलाय."

मग माझ्याकडे वळून हळू आवाजात म्हणाल्या, "उद्या साखर जरा कमी टाक गं, आज गोड झालाय."

दोन महिन्यांनी पहिल्यांदा त्यांना काहीतरी गोड लागलं होतं.