हरवळ्याच्या पुढे, बाबांच्या ओट्यावर

गेल्या गुरुवारी मावशीबरोबर गोव्यातल्या साखळीला गेले होते. मला खरं तर हरवळ्याचा धबधबा बघायचा होता, आषाढात तो असा कोसळतो की शेजारच्या रुद्रेश्वराच्या देवळात उभं राहून बोललेलं पण धड ऐकू येत नाही. जवळच जांभ्या दगडात कोरलेल्या गुंफा आहेत, आत शिवलिंगं, लोक पांडवांच्या गुंफा म्हणतात. पण मावशीच्या मनात बाबा होते.

बाबांचा मठ तिथून पुढे एका कुळागरात, म्हणजे सुपारी-नारळाच्या बागेत आहे, गावाचं नाव मुद्दाम लिहीत नाहीये, बाबांना गर्दी नको असते. मठ म्हणजे कौलारू घर, ओटा आणि तुळस, बस. बाबा कित्येक वर्षं आतल्या खोलीत मौनात आहेत. फोटो नाही, प्रवचन नाही, दानपेटी नाही. तरी दर गुरुवारी पंधरावीस माणसं येतात, कोणी डिचोलीहून, कोणी वाळपईहून कदंबाच्या बसने, आणि येऊन करतात काय तर अंगण झाडतात, नारळ सोलतात, संध्याकाळी भजनाला बसतात.

मी एका काकांना विचारलंच, गुरू दिसत नाहीत तर येता कशाला? ते म्हणाले, संतकवी सोहिरोबानाथ आठवतात ना? आपल्या पेडण्याला लागूनच बांदा, तिथे १७१४ सालचा त्यांचा जन्म. गहिनीनाथांनी त्यांना रानात अनुग्रह दिला असं सांगतात. पुढे ते उत्तरेकडे गेले आणि १७९२ मध्ये उज्जैनला दिसेनासे झाले ते झालेच. "म्हणून काय त्यांचे अभंग म्हणायचं सोडलं आम्ही?" एवढं बोलून काका परत झाडू घेऊन उठले.

स्वयंपाक एक आजी करतात. बाबांचं ताट उंबऱ्यावर ठेवतात आणि दाराकडे पाठ करून बसतात, दार वाजवत नाहीत. ताटाबरोबर एक शाळेतली पाटी जाते, कुणाला काही विचारायचं असलं तर त्यावर लिहायचं. कडा झिजलेल्या, एक कोपरा तुटलेला.

त्या दिवशी आजींनी पाटी माझ्यापुढे धरली. आईला जाऊन आठ महिने झाले, शेवटच्या दिवसांत मी तिच्याजवळ नव्हते, तेच विचारायचं होतं, घरून निघताना अख्खं वाक्य डोक्यात तयार होतं पण खडू हातात घेतला आणि काही सुचेना, नुसतं "आई" एवढंच लिहिलं.

दार वीतभर उघडलं. पिकलेल्या केसांचा बारीक हात दिसला, ताट आणि पाटी आत गेली. बाहेर पागोळ्यांचा आवाज नुसता. बऱ्याच वेळानं पाटी परत आली, माझ्या अक्षरांखाली कापऱ्या हातानं एकच शब्द लिहिलेला.

"जेवलीस?"

माझ्याच्याने तिथून उठवेना. आजींनी वाचलं, माझा हात धरला आणि म्हणाल्या, "यो गो बाय, बस." केळीच्या पानावर भात वाढला, त्यावर तिरफळाच्या वासाचं, भाज्यांचं गरम खतखतं. सकाळपासून पोटात काही नव्हतं. जेवले.