तुम्ही विचारलंत म्हणून: पाल्मेरासकडे वर्ल्ड कप आहे की नाही?

साओ पावलोत राहायला आल्यापासून, इथला माझा फुटबॉल क्लब पाल्मेरास कधी क्लबांचा जगज्जेता झालाय का, हा प्रश्न मला ऑफिसात, लिफ्टमध्ये, मुलीच्या शाळेच्या फाटकाशी विचारून झालाय. हल्ली पुण्याचे मित्रसुद्धा व्हॉट्सअ‍ॅपवर तेच विचारतात. विचारणाऱ्याला उत्तर नको असतं, माझं तोंड कसं होतं ते बघायचं असतं. तरी एकदाचं सांगून टाकतो.

आहे. 1951 चा कोपा रिओ, ब्राझीलमध्ये भरलेली क्लबांची स्पर्धा.

तुमचं पुढचं वाक्य मला पाठ आहे: "ती तर निमंत्रितांची स्पर्धा!" होतीच. आठ संघ. इटलीचा विजेता मिलान आलाच नाही, तिसरा आलेला युव्हेंटस आला. इंग्लंडचं कोणी नाही, स्पेनचं नाही, अर्जेंटिनाचं नाही. (आमच्या संघात लुईस व्हिया हा अर्जेंटिनी होता, पण एवढ्यावर कुणाचं समाधान झालेलं पाहिलं नाही.) गटात त्याच युव्हेंटसने आम्हाला 4-0 धुतलं. हेही मीच सांगतो, तुम्हाला शोधायचा त्रास नको.

पण याच शहरातल्या आमच्या हाडवैरी क्लबच्या, कोरिंथियान्सच्या लोकांनी तरी बोलू नये. 2000 साली फिफाचा क्लब वर्ल्ड कप जिंकलात तेव्हा तुम्ही खंडाचे विजेते नव्हतात, यजमान देशाचे विजेते म्हणून आत शिरलात. ते चालतं, आणि रिओच्या व्हास्को दा गामा क्लबला हरवून अंतिम फेरी गाठलेलं आमचं चालत नाही?

फिफाने काय म्हटलंय तेही बघा. जून 2014 मध्ये त्यांच्या कार्यकारी समितीने 1951 ची स्पर्धा क्लबांची पहिली जागतिक स्पर्धा मानली. मग ऑक्टोबर 2017 मध्ये 1960 पासूनच्या इंटरकॉन्टिनेंटल कपच्या (युरोपचा विजेता विरुद्ध दक्षिण अमेरिकेचा विजेता) विजेत्यांना जगज्जेते ठरवलं, त्यात आम्ही नाही. आणि ही बैठक भरली कुठे, तर कोलकात्यात! इथल्या लोकांना मी भारतीय म्हणून जणू त्याचाही जाब द्यायचा असतो.

मला स्वतःला धरून ठेवतात ती दोन माणसं. जुव्हेनाल आणि जाइर. 16 जुलै 1950 ला रिओच्या माराकाना मैदानावर, विश्वचषकाच्या निर्णायक सामन्यात, उरुग्वेने ब्राझीलला रडवलं तेव्हा हे दोघे मैदानात होते. 22 जुलै 1951 ला त्याच मैदानावर, पाल्मेरासच्या हिरव्या शर्टात, युव्हेंटससमोर पुन्हा तेच दोघे. अंतिम फेरीचे सामने दोन, त्यातला पहिला आम्ही 1-0 जिंकलेला. दुसऱ्यात युव्हेंटस दोनदा पुढे गेला, आधी प्रेस्ट, मग बोनिपेर्ती. दोन्ही वेळा आम्ही बरोबरी साधली, रॉद्रिगेसने आणि लिमिन्याने. 2-2. शिट्टी वाजली तेव्हा त्या दोघांना कुणी सांगायला हवं होतं, की बाबांनो, कागदपत्रं अपुरी आहेत.

आता खरं दुखणं. 12 फेब्रुवारी 2022, शनिवार दुपार, चेल्सीविरुद्ध अबुधाबीतली क्लब वर्ल्ड कपची फायनल. आम्ही सगळे सासरेबुवांकडे, साओ पावलोतल्या मोओका भागात. ते 1951 ला शाळकरी पोर होते, तो सामना त्यांनी रेडिओवर ऐकलेला, आणि अजूनही टीव्हीचा आवाज बंद करून रेडिओच ऐकतात. भानगड अशी की रेडिओ टीव्हीच्या काही सेकंद पुढे धावतो. त्यामुळे त्यांच्या घरी गोल आधी त्यांच्या चेहऱ्यावर होतो, मग पडद्यावर. चेल्सीच्या लुकाकूचा असाच झाला. आमच्या व्हेइगाची पेनल्टी आत गेली ती त्यांनी टेबलावर मूठ आपटली तेव्हाच आम्हाला कळलं. मग जादा वेळ. आमच्या लुआनच्या हाताला चेंडू लागला, रेफरी स्क्रीनपाशी गेला, चेल्सीला पेनल्टी. पडद्यावर हावेर्ट्झ अजून चेंडू ठेवत होता आणि सासरेबुवांनी रेडिओ बंद केला. उठले, लझान्याची ताटं गोळा करायला लागले. माझं अर्धं राहिलं होतं, तेही उचललं. नंतर हावेर्ट्झने मारला.

कोरिंथियान्सवाले माझे साडू दारात उभे. त्यांच्या क्लबने 2012 च्या क्लब वर्ल्ड कपच्या फायनलमध्ये याच चेल्सीला हरवलेलं. म्हणाले, "1951 चा आहे ना तुमच्याकडे? मग रडताय कशाला?"

मला तेव्हा उत्तर सुचलं नाही. त्याआधीचा मी फिफाच्या निर्णयाची बातमी मोबाइलमध्ये ठेवून फिरायचो, कुणी छेडलं की काढून दाखवायचो. त्या माणसाला मी आज विचारतो: इतकी खात्री होती, तर दुसऱ्याची एवढी भूक कशाला? तो म्हणतो, पाच वेळा विश्वचषक जिंकलेला ब्राझील सहाव्यासाठी रडतोच की. बरोबर आहे. पण मी त्या दुपारी दुसऱ्यासाठी रडत होतो की पहिल्यासाठी, हे मला सांगता येत नाही, आणि त्यालाही येत नाही. सासरेबुवांना विचारायची माझी हिंमत नाही.

बाकी एक भानगड उरतेच. 1952 ला कोपा रिओ पुन्हा झाला, कोरिंथियान्सला हरवून रिओच्या फ्लुमिनेन्स क्लबने जिंकला. माझ्याच न्यायाने तेही जगज्जेते. ऑफिसात माझ्या शेजारी एक फ्लुमिनेन्सवाला बसतो. त्याला मी अजून हे बोललेलो नाही, तुम्हीही बोलू नका.