रीमिक्स लॉग: जे-झीचा आवाज, माझी बीट

मंडळी, अमेरिकन रॅपर जे-झीच्या ‘डिसेंबर फोर्थ’ या गाण्याच्या माझ्या रीमिक्सचं काम बरंच पुढे सरकलंय. ड्रम्स आणि बास बसले, कॉर्ड्स अजून लटकलेल्याच.

हे गाणं ज्यात आहे त्या ‘द ब्लॅक अल्बम’ (2003) ची नुसत्या आवाजाची आवृत्ती अधिकृतपणे निघाली होती, त्यामुळे व्होकल स्वच्छ मिळतं. तशी सोय नसेल तर गाण्यातून आवाज वेगळा काढणारं डेमक्स हे सॉफ्टवेअर आहेच. फक्त ‘स’ आणि ‘श’ आले की कान टवकारा, हाय-हॅटचा (ड्रम्समधल्या झांजांच्या जोडीचा) चुरा तिथेच चिकटलेला असतो.

खरा वेळ खाल्ला टायमिंगनं. जे-झी बऱ्याच ओळी बीटच्या किंचित मागे टाकतो. एबलटन या संगीताच्या सॉफ्टवेअरमध्ये शब्दाशब्दावर वॉर्प मार्कर (आवाज ताणून-आखडून जागेवर बसवायच्या खुणा) ठोकून सगळं ग्रिडवर, म्हणजे तालाच्या नेमक्या रेघांवर, आणता येतं, पण मग रॅपचा शाळेतला कवितापाठ होतो. म्हणून मार्कर फक्त दर चार बारच्या (तालाच्या आवर्तनांच्या) सुरुवातीला ठेवलेत आणि उलट माझा स्नेअर ड्रमच थोडा मागे सरकवलाय. आता ओळ रेलून बसते.

या गाण्यात मध्ये मध्ये त्याची आई, ग्लोरिया कार्टर, बोलते. चार मुलांतला हा शेवटचा, जन्माच्या वेळी त्रास न दिलेला एकटाच, वगैरे. मूळ गाण्यात निर्माता जस्ट ब्लेझनं शाय-लाइट्स या सोल ग्रुपचा सँपल (जुन्या गाण्यातला तुकडा) असा भरून वाजवलाय की ते बोलणं चारचौघांत मुलाचं कौतुक केल्यासारखं वाटतं. डेंजर माउस या निर्मात्यानं 2004 च्या ‘द ग्रे अल्बम’मध्ये, म्हणजे ‘ब्लॅक अल्बम’चा आवाज आणि बीटल्सचं संगीत यांच्या मिश्रणात, त्याच शब्दांखाली बीटल्सच्या ‘मदर नेचर्स सन’ची गिटार ठेवली, आणि बाई एकदम आपल्याशीच बोलायला लागली. एक अक्षर न बदलता! माझ्या मते या छंदाचं सगळं मोल इथेच आहे.

त्या अल्बमवर हरकत आली ती बीटल्सच्या बाजूनं, त्यांची रेकॉर्ड कंपनी इएमआयची नोटीस. मग 24 फेब्रुवारी 2004 ला शंभराहून जास्त वेबसाइटींनी निषेध म्हणून तो दिवसभर फुकट वाटला. हिप-हॉपला यात नवल वाटायचं कारणच नव्हतं. तिथे बारा इंची सिंगल रेकॉर्डवर इन्स्ट्रुमेंटल (नुसतं संगीत) आणि अकापेला (नुसता आवाज) देण्याची पद्धत जुनीच. डीजेनं त्याचं काहीतरी करावं हे गृहीतच.

एका मित्रानं आईच्या बोलण्याखाली तबला सुचवलाय. नाही घालणार, ब्रुकलिनच्या त्या घरात त्याचं काही काम नाही. सध्या तिथे नुसता बास आहे. ती दुसऱ्यांदा बोलते तिथून कॉर्ड्स सुरू कराव्यात असं वाटतंय. त्याआधी स्नेअरचा रिव्हर्ब (घुमारा) छाटायचाय, आवाजावर चढतोय.