तिरकं हेड

"अहो, दुरुस्तीला दिला होता, बिघडवायला नव्हे."

आदल्याच दिवशी काकू दुरुस्त झालेला कॅसेट डेक घेऊन गेल्या होत्या. आज रिक्षातून तोच डेक परत, वर पिशवीत तीन कॅसेट. सदाशिव पेठ ते माझं दुकान, चाळीस पायऱ्यांचा जिना धरून.

जपानी डेक, ऐंशीच्या दशकातला. आला तेव्हा आतला बेल्ट वितळून पार डांबर झालेला. पुलीवरून तो काढण्यातच माझी सकाळ गेली. नखातलं काळं दोन दिवस निघालं नाही. तापकीर गल्लीतून मापाचा बेल्ट आणला, फीत दाबून धरणारा, दगड झालेला पिंच रोलर बदलला, फितीवर आवाज भरणारं-वाचणारं हेड आणि फीत ओढणारा दांडा, म्हणजे कॅप्स्टन, आयसोप्रोपिल अल्कोहोलनं पुसले, हेडचं चुंबकत्व उतरवलं. शेवटी 10 किलोहर्ट्झची टेस्ट कॅसेट लावून हेडचा कोन काटेकोर जुळवला. विकतच्या कॅसेट लखलखीत वाजत होत्या. माझ्या मते काम फत्ते.

काकूंनी त्यांची कॅसेट लावली. त्यांच्या आईचा घरचा रियाज. आवाज कांबळ्यातून आल्यासारखा, आणि तंबोऱ्याची जवारी, तारांचा तो झणझणीत झंकार, गायब! नुसती घुं घुं.

मी आधी डॉल्बी, म्हणजे फितीची खरखर दाबणारी सोय, बंद केलं. थोडं उजळलं, पण जवारी नाहीच. मग विचारलं, "काकू, ही भरली कशावर?"

"याच्यावरच की. दुसरा होता कुठे घरात?"

तिथं ट्यूब पेटली. कॅसेटची फीत सेकंदाला 4.76 सेंटिमीटर सरकते. म्हणजे 10 किलोहर्ट्झची एक लहर तिच्यावर पाच मायक्रॉनहूनही कमी जागेत बसते. हेड केसभर कललं तरी वरच्या पट्टीचे सूर पुसले जातात. पण भरताना आणि वाजवताना हेड सारखंच कललेलं असेल, तर काही कळतच नाही. या डेकचं हेड तेव्हापासूनच तिरकं होतं. मी ते सरळ केलं आणि कॅसेट तिरकी ठरली.

दोन्ही चॅनल एकत्र करून मोनो केलं. कोनातली चूक त्यात जास्त बोचते. बारका स्क्रूड्रायव्हर घेऊन हेडशेजारचा स्प्रिंगवाला स्क्रू हळूहळू फिरवत गेलो. पाव फेराही झाला नसेल, आणि जवारी उघडली. मागे कुकरची शिट्टीसुद्धा ऐकू आली.

"हां," काकू म्हणाल्या. एवढंच.

मी सांगितलं, आता विकतच्या कॅसेट यावर मंद वाजतील. वाटल्यास या तिन्ही कॉम्प्युटरवर उतरवून देतो आणि हेड परत सरळ करतो.

"उतरवून द्याच. पण हेड तिरकंच राहू दे. विकतचं मोबाइलवर मिळतं."

स्क्रू हलू नये म्हणून त्यावर नेलपॉलिशचा थेंब टाकला. झाकणाच्या आतल्या बाजूला चिठ्ठी चिकटवली: 'हेड मुद्दाम तिरकं ठेवलं आहे. सरळ करू नये.' पुढचा मेकॅनिक माझ्याइतकाच हुशार निघाला तर!