चादरीवरचा हिरवा डाग

रात्री पावणेदोनला फोन. तासगावजवळच्या वस्तीवरचा पोरगा, मागच्याच आठवड्यात पग कुत्रीचा एक्सरे काढून गेलेला, तीन पिल्लं दिसली होती. तेव्हाच सांगितलेलं की नेहमी 101-102 असणारं टेंपरेचर 99 च्या खाली उतरलं की चोवीस तासांत विणार समज, आणि जोराच्या कळा सुरू होऊन अर्ध्या तासात पिल्लू नाही आलं तर सरळ मला उठव. पग म्हटलं की मला आधीच धाकधूक, पिल्लांची डोकी मोठी, आईची वाट अरुंद.

पोरगा म्हणतो टेन्शन नाही डॉक्टर, दहापासून कळा देतेय पण मोबाईलवर बघितलं, बारा तास लागतात म्हणे. अरे बाबा ते बारा तास धापा टाकायचे, गोधडी उकरायचे, जोर लावायचे नाहीत! तेवढ्यात मागनं आज्जी, "चादरीवर हिरवं पडलंय की, ते सांग त्यास्नी. म्हस एवढी अडली असती तर मी गप बसले असते व्हय?"

हिरवं ऐकलं आणि मी पँट चढवायला लागलो. पिल्लू बाहेर आल्यावर हिरवट-काळं पडलं तर चालतं, पण एकही आलेलं नसताना पडलं म्हणजे आत वार (पिल्लाला आईशी जोडणारी, प्लॅसेंटा) सुटली, त्या पिल्लाचा ऑक्सिजन संपत आला.

अडीचला बोलेरोतनं आले, आज्जीसकट. पोराच्या खिशात कळेचं इंजेक्शन, कुणीतरी हुशारानं सुचवलेलं. नशीब, टोचलं नव्हतं. हातमोजा घालून बोटानं चाचपलं तर डोकं एका अंगाला वळलेलं, नुसती मान लागत होती, अशात कळा वाढवल्या असत्या तर पिशवीच फाटली असती. मग सिझर.

अडकलेलं पिल्लू गेलेलंच होतं. दुसरं रडत आलं. तिसरं ओल्या मोज्यासारखं लोंबत होतं, नाकातोंडातला चिकटा काढला आणि टॉवेलसकट पोराच्या हातात दिलं, म्हटलं घास, थांबू नको. तो घासतोय, रडतोय, मी टाके घालतोय, पाचेक मिनिटांनी बारीक चीं ऐकू आलं.

आज्जी दारातनं उठली नव्हती. म्हणाली, "वारा तिन्ही निघाल्या न्हवं? मोजल्या का?"

मोजल्या होत्या. तरी तिच्यासमोर परत मोजल्या.